‘व्हिडिओ लीक झाला’ या वाक्यात कर्ता कुठे आहे?

पेटचा निकाल लागला की सिनॉप्सिस लिहायची घाई सुरू होते. यंदा माझ्याकडे वाचायला आलेल्या सिनॉप्सिसपैकी चार-पाचांचा विषय जवळपास एकच होता: खासगी व्हिडिओ बाहेर फुटणं आणि डिजिटल प्रायव्हसी. विषय चांगला आहे, गरजेचा आहे. पण सगळ्यांचं शीर्षक थोड्याफार फरकाने असं: ‘सोलापूर जिल्ह्यातील महाविद्यालयीन विद्यार्थिनींमधील सायबर सुरक्षेविषयी जागरूकतेचा अभ्यास’. दोनशे मुलींचा नमुना, पाच पर्यायांची प्रश्नावली, काय-वर्ग चाचणी, आणि शेवटी ‘जागरूकता वाढवणे गरजेचे आहे’. हा निष्कर्ष एकही फॉर्म न भरता आजच लिहून टाकता येईल. ज्या अभ्यासाचं उत्तर आधीच ठरलंय, त्यासाठी तीन-चार वर्षं आणि फेलोशिपचे पैसे का घालवायचे?

यंदा ज्यांना नोंदणी करायचीय त्यांच्यासाठी या पद्धतीच्या अभ्यासावर थोडं सविस्तर आणि थोडं कडक लिहितोय. राग मानू नका.

सुरुवात व्याकरणापासून करू. ‘व्हिडिओ लीक झाला.’ क्रियापद अकर्मक. टाकी गळते, नळ गळतो, तसा व्हिडिओ गळला. कुणी केलं ते वाक्यात नाही, आणि वाक्यात नाही म्हणून डोक्यातही येत नाही. ‘व्हायरल झाला’ हे त्याचंच भावंड. विषाणू पसरताना माणसाचा विचार घेत नाही, सर्दी झालेला माणूस ठरवून शिंकत नाही. पण व्हिडिओ पुढे पाठवताना माणूस तो बघतो, यादीतली नावं निवडतो आणि बटण दाबतो. प्रत्येक टप्प्यावर एक कर्ता आहे. आपल्या बातम्यांची भाषा हा कर्ता गाळते, आणि सिनॉप्सिस लिहिणारे ती भाषा उचलून थेट संशोधन-समस्येच्या परिच्छेदात ठेवतात. मग वाक्यात उरतं कोण? जिचा व्हिडिओ आहे ती. म्हणून प्रश्नावली तिलाच.

‘रिव्हेंज पॉर्न’ या शब्दाचं तसंच. क्लेअर मॅकग्लिन आणि एरिका रॅकली या कायद्याच्या ब्रिटिश अभ्यासकांनी २०१७ मध्ये त्याऐवजी ‘प्रतिमेद्वारे केलेला लैंगिक अत्याचार’ अशा अर्थाची संज्ञा मांडली. कारण ‘रिव्हेंज’ म्हटलं की तिने आधी काहीतरी केलं होतं असं गृहीत धरलं जातं, आणि ‘पॉर्न’ म्हटलं की ते बघण्यासाठीच बनवलेलं होतं असं वाटतं. संज्ञा बदलली की कुणाला मोजायचं तेही बदलतं. त्यामुळे सिनॉप्सिसमधल्या ‘संज्ञांची व्याख्या’ या भागाला केवळ भरताड समजू नका.

आता आपल्याकडचीच दोन उदाहरणं घेऊ.

जुलै १९९४ मध्ये जळगावचं प्रकरण उघडकीला आलं. मुली आणि बायकांचे फोटो, चित्रफिती काढून त्यांना धमकावलं जात होतं, त्यांच्यावर अत्याचार होत होते. तेव्हा स्मार्टफोन नव्हता, इंटरनेट सामान्य माणसाच्या हातात आलेलं नव्हतं. म्हणजे ‘डिजिटल युगामुळे निर्माण झालेली समस्या’ हे तुमच्या प्रस्तावनेतलं पहिलंच वाक्य डळमळलं. संशोधक म्हणून त्या प्रकरणातली एक गोष्ट लक्षात ठेवा. पीडितांचा आकडा तेव्हा शेकड्यांमध्ये सांगितला गेला, आणि प्रत्यक्षात तक्रार द्यायला मोजक्याच जणी पुढे आल्या. विशेष न्यायालय नेमलं गेलं, तरी काही खटल्यांत खाली झालेली शिक्षा पुढे उच्च न्यायालयात टिकली नाही. शेकडो आणि मोजक्या यांच्यातल्या दरीत जे आहे तोच तुमचा विषय आहे, आणि नेमकं तेच पोलिसांच्या आकडेवारीत सापडत नाही. ‘नोंदलेले गुन्हे दरवर्षी वाढत आहेत’ असा आलेख काढून ‘समस्या वाढत आहे’ असं लिहिणारे हेच विसरतात. गुन्हे वाढले, की तक्रार द्यायचं धाडस वाढलं, की ठाण्यातला हवालदार तक्रार लिहून घेऊ लागला? एकाच रेषेत तिन्ही मिसळलेली असतात.

दुसरं उदाहरण तुम्हाला सगळ्यांना आठवत असेल. फेब्रुवारी २०२३. नृत्यांगना गौतमी पाटील कपडे बदलत असताना कुणीतरी चोरून चित्रण केलं आणि ते समाजमाध्यमांवर पसरवलं. राज्य महिला आयोगाने दखल घेतली, पुण्यात विमाननगर पोलिस ठाण्यात गुन्हा दाखल झाला. त्याआधी काही महिने तिच्या नाचावरून वाद चालूच होता, तिने जाहीर माफीही मागितली होती. त्यामुळे व्हिडिओ पसरल्यावर कट्ट्यावर ऐकू आलेलं वाक्य ओळखीचं होतं: “स्टेजवर तर सगळं दाखवतेच की.”

हे वाक्य चुकीचं आहे हे आपल्याला आतून कळतं. पण का चुकीचं आहे, हे संशोधकाच्या भाषेत सांगता आलं पाहिजे. इथे हेलन निसेनबॉम उपयोगी पडतात. २००४ च्या लेखात आणि २०१० च्या पुस्तकात त्यांनी मांडलेली कल्पना साधारण अशी: माहिती ‘खासगी’ आणि ‘सार्वजनिक’ अशा दोन डब्यांत विभागता येत नाही. प्रत्येक माहिती कुठल्या तरी संदर्भात दिलेली असते, आणि कुणाकडून कुणाकडे, कोणत्या अटीवर जायची याचे त्या संदर्भाचे नियम असतात. नियम मोडला की प्रायव्हसी भंगली, मग माहिती कितीही ‘उघड’ असो. डॉक्टरला सांगितलेला आजार डॉक्टरकडे असणं ठीक, तोच तुमच्या सासरी पोहोचणं नाही.

आपल्या जिल्ह्यातल्या माणसाला हे समजायला अमेरिकेतलं पुस्तक लागू नये खरं तर. अकलूजच्या लावणी स्पर्धा, मोडनिंबची कलाकेंद्रं आपल्याला माहीत आहेत. तमाशाच्या फडात बोर्डावर उभी राहणारी बाई आणि मागच्या राहुटीत साज उतरवणारी बाई एकच असते, पण मधे कनात असते. हजार माणसांना तिकीट काढून पुढचं बघायचा हक्क मिळतो, कनातीच्या आत डोकवायचा मिळत नाही. फडात हा नियम शेंबड्या पोरालाही माहीत असतो. मोबाईलने कनात फाडली असं म्हणणंही पुन्हा कर्ता गाळणंच झालं. कनात फाडणारा हात कुणाचा होता, हा प्रश्न राहतोच.

आता मूळ मुद्द्याकडे, म्हणजे प्रश्नावलीकडे. नमुन्यादाखल बघा: ‘तुम्ही तुमचे फोटो अनोळखी व्यक्तींना पाठवता का?’ ‘तुम्ही पासवर्ड किती दिवसांनी बदलता?’ ‘तुम्हाला माहिती तंत्रज्ञान कायद्याची माहिती आहे का?’ सगळ्या प्रश्नांचा रोख एकाच दिशेला आहे: तू काळजी घेतलीस का? आता यातल्या एकाही उत्तराने कनातीमागच्या चोरट्या चित्रणात काय फरक पडला असता? पासवर्ड रोज बदलला असता तरी काय झालं असतं? नवरा, प्रियकर, वर्गमित्र, मोबाईल दुरुस्त करणारा, लॉजच्या खोलीत कॅमेरा लपवणारा, यांपैकी कुणीच प्रश्नावलीत नाही. घरफोडीचा अभ्यास करताना फक्त कुलपांचे ब्रँड विचारून यावं तसं हे आहे.

दुसरी अडचण मोजमापाची. जागरूकतेच्या प्रश्नाला माणूस शहाणं उत्तर देतो. समोर प्रश्नावली घेऊन प्राध्यापकबाई उभ्या असताना कोण लिहील की ‘हो, मी पाठवते’? आणि जे सांगतात ते आणि जे करतात ते यांत अंतर असतं, त्याला ‘प्रायव्हसी पॅराडॉक्स’ म्हणायची पद्धत आहे. लोकांना प्रायव्हसी हवी असते पण वागतात बेफिकीर, असा त्याचा अर्थ लावला जातो. डॅनियल सोलोव्ह यांनी २०२१ च्या लेखात यावर चांगलीच टीका केलीय: एका ठरावीक प्रसंगी एका ठरावीक माणसाला माहिती दिली, यावरून त्याला प्रायव्हसीची एकूण किंमत नाही असं ठरत नाही. मला तो लेख पटतो. जोडीदाराला फोटो पाठवणारी मुलगी प्रायव्हसीला कमी लेखत नाही. तिने एका माणसावर विश्वास ठेवलेला असतो, एवढंच.

मग विचारायचं कुणाला? जे पुढे पाठवतात त्यांना. ‘असा व्हिडिओ तुमच्याकडे आला तेव्हा तुम्ही काय केलंत?’ हा प्रश्न मी अजून एकाही सिनॉप्सिसमध्ये वाचलेला नाही. मुलांच्या वसतिगृहात हा प्रश्न विचारला पाहिजे. लगेच तुम्ही म्हणाल, खरं कोण सांगेल? तो तर गुन्हा कबूल केल्यासारखं होईल. बरोबर. आणि या अडचणीवर उत्तर १९६५ पासून उपलब्ध आहे.

स्टॅन्ली वॉर्नर या संख्याशास्त्रज्ञाने त्या वर्षी ‘यादृच्छिक प्रतिसाद’ ही पद्धत मांडली. तिचं एक सोपं रूप सांगतो. प्रत्येक मुलाच्या हातात एक नाणं द्या. त्याने कुणाला न दाखवता ते उडवायचं. छापा पडला तर डोळे झाकून ‘हो’ लिहायचं. काटा पडला तर खरं उत्तर लिहायचं. आता एखाद्याने ‘हो’ लिहिलंय म्हणून त्याच्यावर बोट ठेवता येत नाही, छापा पडला असेल. पण सगळ्यांचं मिळून गणित करता येतं. समजा ४०० मुलं आहेत आणि २६० जणांनी ‘हो’ लिहिलं. सुमारे २०० ‘हो’ नुसत्या छाप्यामुळे येणारच होते. उरलेल्या २०० जणांनी खरं सांगितलं, त्यात ‘हो’ ६०. म्हणजे प्रमाण ३० टक्क्यांच्या आसपास. आकडे मी समजावण्यासाठी घेतलेत, कुठल्या अभ्यासातले नाहीत.

याची किंमत मोजावी लागते हेही सांगतो, नाहीतर व्हायव्हाला अडकाल. नाण्यामुळे गोंगाट वाढतो, त्यामुळे तेवढ्याच अचूकतेसाठी नमुना बराच मोठा लागतो. दोनशेवर भागणार नाही. शिवाय काही मुलं नियम पाळत नाहीत: छापा पडला तरी ‘हो’ लिहायला कचरतात, आणि मग आकडा खाली येतो. तो दोष कसा हाताळायचा यावर पुढे बरंच काम झालंय, ते शोधून वाचा. २००६ मध्ये सिंथिया ड्वर्क आणि सहकाऱ्यांनी मांडलेली ‘डिफरन्शियल प्रायव्हसी’ समजून घ्यायची असेल तर या नाण्यापासून सुरुवात करणं सगळ्यात सोपं. म्हणजे प्रायव्हसीचा अभ्यास करता करता प्रायव्हसी राखणारी पद्धतच तुम्ही वापरत असता. मला हे फार आवडतं.

प्रश्न न विचारताही अभ्यास करता येतो. कॅनडातल्या ग्वेल्फ विद्यापीठातल्या गटाचा २०२२ चा अभ्यास जरूर वाचा. त्यांना बघायचं होतं की संगणक दुरुस्तीला दिला की दुकानदार आत काय बघतो. त्यांनी लॅपटॉप घेतले, त्यात साधा बिघाड मुद्दाम करून ठेवला, आवाजाचं ड्रायव्हर बंद केलं. तो दुरुस्त करायला कुठलीही फाइल उघडायची गरज नसते. आत बनावट कागदपत्रं आणि खासगी वाटतील असे फोटो ठेवले, आणि प्रत्येक हालचालीची नोंद गुपचूप होत राहील अशी सोय केली. सोळा ठिकाणी दिले. सहा ठिकाणी खासगी माहितीत डोकावलं गेलं होतं, दोन ठिकाणी ती कॉपीही करून घेतली होती. काहींनी तर आपण बघितल्याच्या खुणा पुसायचा प्रयत्न केला. आणखी एक साधी गोष्ट त्यांनी तपासली: बॅटरी बदलायला पासवर्ड लागत नाही, तरी जवळपास सगळ्यांनी मागितला.

आता नवी पेठेतल्या मोबाईल दुकानांपुढे संध्याकाळी लागणारी गर्दी आठवा. काच फुटली म्हणून फोन दिला, ‘पॅटर्न सांगून ठेवा, चेक करायला लागतो’, आणि दोन तासांनी या. आपण पॅटर्न सांगतो, कधी पावतीच्या मागे काढूनही देतो. दुकानदार वाईट असतात असं मी म्हणत नाही, सोळांपैकी दहा ठिकाणी काही आढळलं नव्हतं हेही लक्षात घ्या. आणि सोळा हा आकडा लहान आहे. त्यावरून ‘जगातले सदतीस टक्के दुकानदार डोकावतात’ असं लिहिलंत तर परीक्षक तुम्हाला सोडणार नाही. त्या अभ्यासाची ताकद टक्केवारीत नाहीच, रचनेत आहे. प्रश्न ‘तुम्ही सावध आहात का’ असा नसून ‘तुमची वस्तू दुसऱ्याच्या हातात गेल्यावर तो काय करतो’ असा आहे. कर्ता सापडला.

आता ‘व्हायरल’कडे परत येऊ, कारण विज्ञानाच्या विद्यार्थ्यांना इथे एक मोह होतो. आपल्याला साथीच्या रोगाची समीकरणं येतात. बाधित, बाधा होऊ शकणारे, बरे झालेले, असे तीन गट करायचे, संसर्गाचा दर घालायचा, संगणकावर वक्र काढायचा, पेपर तयार. अफवांच्या बाबतीत हे बऱ्यापैकी चालतं. आणि अफवांची गोष्ट आपल्या जिल्ह्याच्या फार जवळची आहे. १ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात मुलं पळवणारी टोळी समजून जमावाने पाच जणांना ठेचून मारलं. नाथपंथी डवरी गोसावी समाजातली माणसं, बहुतेक आपल्या मंगळवेढा तालुक्यातली. देशभरातल्या अशा हत्यांनंतर त्याच महिन्यात व्हॉट्सअॅपने भारतात एक मेसेज एका वेळी पाचच जणांना पुढे पाठवता येईल अशी मर्यादा जाहीर केली. जानेवारी २०१९ पासून ती जगभर लागू झाली. तुमच्या फोनमधल्या त्या ‘पाच’ आकड्यामागे मंगळवेढ्याची माणसं आहेत हे फार थोड्यांना ठाऊक असतं.

ही मर्यादा कितपत उपयोगी पडते यावर ब्राझीलमधल्या फिलिपे मेलो आणि सहकाऱ्यांनी २०१९ मध्ये अभ्यास केला. ब्राझील, भारत आणि इंडोनेशियातल्या सार्वजनिक गटांतला डेटा घेऊन त्यांनी पसरण्याचं प्रारूप तयार केलं. मर्यादेमुळे पसरणं मंदावतं, पण मजकूर फारच संसर्गजन्य असेल तर थांबत नाही, असं त्यांना दिसलं. अफवेसाठी मंदावणं ही मोठी गोष्ट आहे. तेवढ्या वेळात पोलिस खुलासा करतात, कुणी शहाणा माणूस खरं काय ते सांगतो.

पण खासगी व्हिडिओच्या बाबतीत हेच प्रारूप जसंच्या तसं उचललंत तर फसाल. अफवेचा खुलासा करता येतो. व्हिडिओचा खुलासा काय करणार? तो खराच असतो, तीच तर अडचण आहे. आणि मुख्य म्हणजे अफवेत किती जणांपर्यंत पोहोचलं हे मोजणं बरोबर असतं, इथे कोणापर्यंत पोहोचलं हे मोजावं लागतं. दहा लाख अनोळखी लोकांनी बघितलेला आणि आपल्या गल्लीतल्या, भावकीतल्या, वर्गातल्या दहा जणांनी बघितलेला, यांत कुठला व्हिडिओ माणसाला जास्त उद्ध्वस्त करतो? बार्शी किंवा करमाळ्याच्या एखाद्या कॉलेजच्या मुलीला विचारा. पहिल्या दहा जणांतच तिचं कॉलेज सुटतं, घरात लग्नाची घाई सुरू होते. तेव्हा वक्र अजून जमिनीलाच टेकलेला असतो, आणि तुमचं प्रारूप सांगतं ‘प्रसार नगण्य’. म्हणजे जाळ्यातल्या प्रत्येक बिंदूला त्या व्यक्तीपासूनच्या सामाजिक अंतरानुसार वजन द्यावं लागेल: जवळचा बिंदू जड, लांबचा हलका. असं वजन कसं ठरवायचं? मला तयार उत्तर माहीत नाही, पण समाजशास्त्र विभागातल्या कुणाला तरी सोबत घेऊन तीन वर्षं घालवावीत असा हा प्रश्न नक्की आहे.

२०२४ च्या एप्रिलमध्ये शेजारच्या कर्नाटकात हासनमध्ये मतदानाच्या तोंडावर पेन ड्राइव्ह वाटले गेले. खासदार प्रज्वल रेवण्णा यांच्याशी संबंधित ते व्हिडिओ होते आणि त्यांत बायकांचे चेहरे झाकलेले नव्हते. ऑगस्ट २०२५ मध्ये एका खटल्यात त्यांना जन्मठेप झाली. तो न्याय झाला. पण गुन्हेगाराला उघडं पाडण्यासाठी म्हणून वाटलेल्या त्या पेन ड्राइव्हमुळे ज्या बायकांची गावात ओळख पटली, त्यांचं नुकसान कोणत्या वक्रात मोजणार? तिथे तर इंटरनेटचीही गरज लागली नव्हती. हातोहात गेलं.

कॉम्प्युटर सायन्सवाल्यांसाठी आता थोडं तंत्राचं. व्हिडिओ किंवा फोटो काढून टाकायचा तर तो ओळखावा लागतो, आणि ओळखण्यासाठी पुन्हा पुन्हा कुणी तो बघणं हाच त्रास आहे. त्यावर उपाय म्हणजे हॅश. एमडी५ सारखा साधा हॅश एका पिक्सेलच्या फरकाने पूर्ण बदलतो, त्यामुळे फाइल कॉम्प्रेस झाली की ओळख गेली. म्हणून दिसण्यावर आधारलेला हॅश वापरतात. सोलापुरी चादरीच्या जॅकार्ड मागावर पुठ्ठ्याची कार्डं बघितलीत का? नक्षीतला उजेड-अंधार भोक आहे किंवा नाही एवढ्यावर उतरवलेला असतो. हे बरंचसं तसंच. चित्र कृष्णधवल करून ९ बाय ८ एवढं लहान करा. प्रत्येक ओळीत शेजारच्या दोन ठिपक्यांपैकी डावा जास्त उजळ असेल तर १, नाहीतर ०. ओळीत आठ तुलना, आठ ओळी, झाले ६४ बिट. चित्र थोडं कॉम्प्रेस झालं, लहान-मोठं झालं, तरी यातले एखाद-दोन बिटच बदलतात. दोन हॅशमध्ये किती बिट वेगळे आहेत ते मोजलं की चित्र तेच आहे का ते कळतं. कार्डापासून चादर विणता येते, पण या ६४ बिटांपासून मूळ फोटो परत बनवता येत नाही, आणि इथे तोच फायदा आहे.

याच तत्त्वावर डिसेंबर २०२१ पासून ‘स्टॉप एनसीआयआय’ नावाची सेवा चालते. फोटो तुमच्या फोनमधून बाहेर जात नाही, हॅश तिथेच तयार होतो आणि फक्त तो सहभागी कंपन्यांकडे जातो. कल्पना सुंदर आहे. मर्यादा दोन. कडा कापल्या, चित्र आरशासारखं उलटं केलं, त्यावर मोठी अक्षरं टाकली की साधे हॅश गडबडतात, त्यामुळे इथे काम करायला वाव आहे. आणि जी मुलगी कनातीमागे चोरून चित्रित झाली तिच्याकडे मूळ फाइलच नसते. ती हॅश कशाचा काढणार? सगळी यंत्रणा अशा व्यक्तीसाठी बांधलीय जिच्याकडे स्वतःच्या व्हिडिओची प्रत आहे.

कायद्याबद्दल थोडक्यात, कारण प्रस्तावनेत तेच तेच चुकतं. २४ ऑगस्ट २०१७ चा पुट्टस्वामी निकाल प्रायव्हसीला मूलभूत हक्क मानतो, पण त्याचा मुख्य रोख राज्यसंस्थेकडे आहे, फुटीर प्रियकराकडे नाही. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्याने लीक थांबतील असं लिहू नका. व्यक्तीने निव्वळ वैयक्तिक किंवा घरगुती कारणासाठी केलेली हाताळणी त्या कायद्यातून वगळलेली आहे. कामाची कलमं वेगळी आहेत: माहिती तंत्रज्ञान कायद्याची ६६ई, ६७, ६७ए, आणि भारतीय न्याय संहितेचं ७७. या ७७ मधलं स्पष्टीकरण मुद्दाम वाचा. चित्रण करायला संमती दिली होती, पण इतरांना दाखवायला नव्हती, तर दाखवणं हा गुन्हाच. निसेनबॉम यांचा संदर्भाचा नियम आपल्या कायद्यात २०१३ पासून, म्हणजे जुन्या ३५४सी पासून आहे. ‘तिनेच तर काढू दिला होता’ याला कायद्यात जागा नाही.

शेवटचं, आणि हे गंभीरपणे घ्या. ‘डेटा’ म्हणून असे व्हिडिओ गोळा करायचे नाहीत. बघायचे नाहीत, साठवायचे नाहीत, मित्राकडून ‘सॅम्पल’ मागवायचं नाही. त्यात कुणी अल्पवयीन असेल तर साठवणं आणि बघणंही गुन्हा ठरू शकतं, सर्वोच्च न्यायालयाने २३ सप्टेंबर २०२४ च्या निकालात ते पुरेसं स्पष्ट केलंय. पीडितेची मुलाखत घ्यायची असेल तर आधी समुपदेशकाची सोय करा, आणि ‘कधीही उठून जाऊ शकता’ हे संमतिपत्रात मराठीत, सोप्या शब्दांत लिहा. आपल्याकडची बरीच संमतिपत्रं इंग्रजीत असतात, आणि सही करणारीला त्यातलं अक्षर कळत नाही. दुरुस्तीच्या दुकानांसारखा अभ्यास करायचा असेल तर ती फसवणूकच असते, दुकानदाराला कल्पना नसते. त्यामुळे नैतिकता समितीची लेखी परवानगी आधी, लॅपटॉप नंतर, आणि अहवालात दुकानाचं नाव नाही. या समितीच्या बैठका कधी आणि किती महिन्यांनी होतात, ते नोंदणी करायच्या आधीच विभागात विचारून ठेवा. सहा महिन्यांच्या प्रगती अहवालाची तारीख त्यांच्यासाठी थांबत नाही.